संत्र्याची साल, चॉकलेट आणि न मळलेला मैदा

डिसेंबरात नागपुरात सकाळी सहाला ओट्याला हात लावला की बोटं गारठतात. बाटलीतलं खोबरेल तेल गोठलेलं असतं, फ्रीजबाहेर राहिलेलं लोणी सुरीनं कापावं लागतं. नेमक्या याच दिवसांत काटोल, नरखेड, वरूड, मोर्शीकडची आंबिया बहाराची संत्री बाजारात ढिगांनी उतरलेली असतात. संत्रं आणि चॉकलेट घातलेले स्कोन करायचे तर गार स्वयंपाकघर हवं आणि संत्र्याची ताजी साल हवी. आमच्याकडे ही दोन्ही एकाच वेळी मिळतात, म्हणून मी स्कोन हिवाळ्यातच करते. मे महिन्यात, पारा 45 अंशांकडे निघालेला असताना, मी ते करत नाही आणि कुणाला करायलाही सांगत नाही. का, ते पुढे येईल.

स्कोन म्हणजे मुठीत मावेल एवढा, वरून खरपूस आणि आतून मऊ, हातानं मधोमध उघडून खायचा चहाबरोबरचा पदार्थ. तो मूळचा स्कॉटलंडचा. गॅविन डग्लस या स्कॉटिश कवीनं 1513 मध्ये व्हर्जिलच्या 'ईनीड'चं आपल्या बोलीत भाषांतर पुरं केलं, त्यात हा शब्द सापडतो. तेव्हाचा स्कोन जवाच्या किंवा ओटच्या पिठाचा, चपटा आणि मोठा असे. 'गर्डल' नावाच्या जाड लोखंडी तव्यावर तो भाजायचा आणि चार पाती करून खायचा. म्हणजे जन्मानं तो आपल्या भाकरीच्या गोतातला. त्याला उंची आली ती एकोणिसाव्या शतकात. बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड यांच्या पत्नीला यीस्ट सोसत नसे. तिच्यासाठी त्यांनी 1843 मध्ये यीस्टशिवाय पाव फुगवणारी पूड तयार केली, तीच आजची बेकिंग पावडर. पाठोपाठ 1845 मध्ये ब्रिस्टलच्या हेन्री जोन्स यांनी फुगवणारी द्रव्यं आधीच मिसळलेल्या पिठाचं पेटंट घेतलं. मग दहा-पंधरा मिनिटांत फुगून तयार होणारा स्कोन इंग्लंडभर घरोघरी होऊ लागला. संत्रं आणि चॉकलेट ही जोडीही तिकडे जुनी आहे. यॉर्कच्या 'टेरीज'नं 1932 मध्ये फोडींसकट संत्र्याच्या आकाराचं चॉकलेट काढलं आणि ते ब्रिटिश नाताळाचा भागच होऊन बसलं.

आता कृतीकडे वळण्याआधी एक गोष्ट सांगते. स्कोन बिघडतो तो बहुतेक वेळा आपल्या हाताच्या सवयीमुळे. रोज कणीक मळणाऱ्या हाताला पीठ दिसलं की मळावंसं वाटतं. माझे पहिले स्कोन मी पोळ्यांच्या कणकेसारखे मळून, गोळा तुळतुळीत करून, झाकून ठेवून केले होते. ते फुगले नाहीत आणि चावताना रबरासारखे ताणले गेले. साहित्य बरोबर होतं, मापं बरोबर होती, चूक मळण्याची होती. मैद्यात पाणी पडून तो मळला गेला की त्यातल्या प्रथिनांचे चिवट धागे जुळतात. पुरणपोळीला हे धागे हवेच असतात. म्हणून तर आपण ती कणीक तेलपाणी लावून तिंबतो, तेव्हा कुठे ती पुरणाभोवती न फाटता पसरते. स्कोनला हेच धागे शत्रू. तेव्हा ज्यांचा हात मळण्यात तरबेज आहे, त्यांनी इथे तो जास्त आवरायचा आहे.

साहित्य थोडं आहे. आठ स्कोनसाठी 250 ग्रॅम मैदा, सपाट तीन लहान चमचे बेकिंग पावडर, 60 ग्रॅम लोणी, 40 ग्रॅम बारीक साखर, 75 ग्रॅम डार्क चॉकलेट, दोन-तीन संत्री आणि साधारण 130 मिलिलिटर दूध. अंडं नाही. लोणी बाजारातलं मिठाचं असेल तर वेगळं मीठ घालू नका, बिनमिठाचं असेल तर दोन चिमूट घाला. मापं वजनात दिली आहेत ती मुद्दाम. मैद्याची वाटी कुणी ठासून भरतं, कुणी अलगद, आणि स्कोनमध्ये वीस-पंचवीस ग्रॅमचा फरक दिसतो. साधा काटा घरात असेल तर तोच वापरा. बेकिंग पावडर जुनी असेल तर आधी तपासून घ्या. अर्धा चमचा पूड कढत पाण्यात टाकल्यावर ती जोरात फसफसली पाहिजे. नुसतेच चार बुडबुडे आले तर तो डबा टाकून द्या.

सुरुवात संत्र्यापासून. संत्र्याचा खरा वास रसात नसतो, सालीत असतो. लहानपणी संत्र्याची साल वाकवून भावंडांच्या डोळ्यात फवारा उडवलेला सगळ्यांना आठवत असेल. डोळे चुरचुरायचे ते त्या तेलानं. सालीच्या अगदी वरच्या नारिंगी थरात सुईच्या टोकाएवढ्या असंख्य पिशव्या असतात, त्यांत हे तेल भरलेलं असतं, आणि त्यात सर्वांत जास्त भाग असतो लिमोनीन या द्रव्याचा. त्याखालचा पांढरा, कापसासारखा भाग मात्र कडू. आपल्याला वरचा थर हवा आणि खालचा नको.

पाश्चात्त्य पाककृतींत 'एका संत्र्याची किसलेली साल' असं सहज लिहिलेलं असतं, कारण तिकडच्या संत्र्याची साल गराला घट्ट चिकटलेली असते. नागपुरी संत्र्याची साल सैल. तेच त्याचं वैशिष्ट्य, हातानं चटकन सोलता येतं. पण किसणीवर घासायला गेलं की ती आत दबते, सुरकुतते आणि फाटते. यावर माझे दोन उपाय आहेत. एक, ढिगातून निवडताना फुगीर, पोकळ वाटणारी फळं सोडून घट्ट, वजनदार फळं घ्यायची. साल थोडी हिरवट असली तरी चालेल, वास झकास असतो. दोन, किसायच्या आधी संत्री धुऊन, पुसून तासभर फ्रीजमध्ये ठेवायची, म्हणजे साल कडक होते. मग सोलण्याआधीच, अख्खं फळ हातात धरून, जायफळ किसतो त्या बारीक बाजूवर हलकेच फिरवायचं. एका जागी दोनदा घासलं की फळ वळवायचं. पांढरं दिसायला लागलं की थांबायचं. दोन-तीन संत्र्यांचा मिळून शिगोशीग एक मोठा चमचा कीस निघतो.

हा कीस थेट पिठात टाकू नका. साखरेत घाला आणि बोटांनी दोन मिनिटं चोळा. साखरेचे कण उरलेल्या तेलाच्या पिशव्या फोडतात आणि तेल शोषून घेतात. साखर हळूहळू ओलसर होते, फिकट केशरी दिसू लागते, आणि स्वयंपाकघरभर वास सुटतो. सगळ्या कृतीत मला सर्वांत आवडणारं काम हेच. इथे कंटाळा केला तर पुढे कितीही संत्री पिळली तरी तो वास येत नाही. रसानं फक्त पाणी आणि आंबटपणा वाढतो. मी रस घालते तो दुधात एक मोठा चमचा, बस्स. दूध किंचित फाटल्यासारखं दिसतं, त्यानं काही बिघडत नाही.

चॉकलेट घेताना वेष्टनामागचा मजकूर वाचा. आपल्याकडे दुकानात स्वस्त मिळणाऱ्या बहुतेक लाद्या 'कंपाउंड'च्या असतात. त्यांत कोको बटरऐवजी दुसरी वनस्पती चरबी असते. ती वितळायला सोपी आणि केक सजवायला सोयीची, पण नुसती खाल्ली तर टाळूला मेणासारखी लागते. स्कोनमध्ये चॉकलेटचे तुकडे उघडेच तोंडात येतात, म्हणून इथे कोको बटर असलेलं, पन्नास ते साठ टक्के कोकोचं चॉकलेट घ्यावं. तेवढ्या कडूपणानं संत्र्याची साल उठून येते. कोको बटर 34 अंशांच्या आसपास, म्हणजे अंगाच्या उष्णतेला वितळतं. नागपूरच्या उन्हाळ्यात ते फडताळातच वितळेल, हे उन्हाळ्यात न करण्याचं पहिलं कारण. सुरीनं त्याचे भाजलेल्या शेंगदाण्याएवढे तुकडे करा. कापताना पडलेला चुरा चाळून काढा आणि दुधात घालून प्या. तो पिठात गेला तर सगळे स्कोन मळकट तपकिरी होतात. तुकडे वापरेपर्यंत फ्रीजमध्ये ठेवा.

आता लोणी. मैदा आणि बेकिंग पावडर दोनदा चाळून परातीत घ्या आणि फ्रीजमधून काढलेल्या लोण्याचे हरभऱ्याएवढे तुकडे त्यात टाका. शंकरपाळी, करंजी करणाऱ्यांना मोहन माहीत असतं. कडकडीत तूप पिठावर ओतायचं, चोळायचं, मूठ आवळून मुटका वळला की मोहन पुरेसं. स्कोनमध्येही मोहनच आहे, पण थंड. हा फरक नीट समजून घेण्यासारखा आहे. गरम तूप पिठाच्या कणाकणाला सारखं माखतं, म्हणून शंकरपाळी सगळीकडून एकसारखी खुसखुशीत होते. थंड लोणी तसं माखत नाही. ते पिठात लहान लहान पापुद्र्यांच्या रूपात सुटं राहतं. शिवाय तुपात पाणी नसतं, बाजारातल्या लोण्यात सुमारे सोळा टक्के असतं. भट्टीत गेल्यावर पापुद्रा वितळतो, त्यातल्या पाण्याची वाफ होते, ती वाफ आजूबाजूचं पीठ उचलून धरते आणि मागे पोकळी राहते. स्कोनच्या आतली जाळी अशी होते. लोणी आधीच वितळलं तर ते मोहनासारखं पिठात जिरतं आणि स्कोन शंकरपाळीच्या वाटेनं जातो, खुसखुशीत पण बसका. उन्हाळ्यात न करण्याचं हे दुसरं आणि मोठं कारण.

चोळताना तळवा लावायचा नाही, तो गरम असतो. फक्त बोटांची टोकं. चिमटीत पीठ आणि लोणी घ्यायचं, अंगठ्यानं पुढे सरकवायचं, वरून सोडून द्यायचं. तीन-चार मिनिटांत पीठ जाड रव्यासारखं दिसतं, मध्ये मध्ये चपट्या डाळीएवढे लोण्याचे तुकडे राहतात. ते राहू द्या. ते संपवायचा मोह होतो, तोही आवरा. हात गरम असतील तर आधी थंड पाण्याखाली धरून पुसा. घरचं ताकावरचं लोणी वापरायचं असेल तर ते आदल्या रात्री कापडात बांधून फ्रीजमध्ये निथळू द्या. त्यात पाणी जास्त असतं, म्हणून पुढे दूध एक-दोन चमचे कमी लागतं.

आता संत्र्याची साखर आणि चॉकलेट घालून हलवून घ्या. मधे आळं करा आणि फ्रीजमधलं गार दूध, दोन चमचे राखून, एकदम ओता. हात नको. टेबलावरची बोथट सुरी घ्या आणि पीठ कडेनं मध्यात ओढत, उलटत राहा. पंधरा-वीस वेळा. कुठे कोरडं पीठ उरलं तर राखलेलं दूध तिथेच शिंपडा. जे तयार होतं त्याला गोळा म्हणवत नाही. ते ओबडधोबड असतं, थोडं चिकट असतं, कडेला चुरा असतो. पोळीच्या कणकेकडे पाहायची सवय असलेल्या डोळ्याला ते अर्धवट वाटतं. तसंच हवं.

ओट्यावर मैदा भुरभुरून ते त्यावर काढा. बोटांनी हलकेच थापून जाडसर चौकोन करा, मधून दुमडा, पाव वळसा द्या, पुन्हा थापा, पुन्हा दुमडा. असं तीनदाच. या घड्यांनी लोण्याचे थर एकावर एक बसतात, चिरोट्याच्या साट्यासारखे पण ढोबळ. शेवटी अडीच सेंटिमीटर, म्हणजे बोटाच्या साधारण एका पेराएवढी जाडी ठेवा. लाटणं लावायची गरज नाही. बसके स्कोन झाल्याची तक्रार करणाऱ्या कित्येकींनी मुळात ते पातळ थापलेले असतात. अर्धा इंचाचा थर दुप्पट फुगला तरी एक इंचाचाच होणार.

कापण्यात एक बारकावा आहे. वाटीची कड गोल आणि बोथट असते, ती पीठ कापत नाही, दाबते. कडेचे थर दाबून चिकटले की स्कोन वर उठत नाही, नाहीतर एका अंगाला कलतो. धारदार कडेचा साचा असेल तर तो कोरड्या पिठात बुडवून सरळ खाली दाबा आणि सरळ वर उचला. बाटलीचं झाकण फिरवतो तसा फिरवू नका. साचा नसेल तर मोठ्या सुरीनं चौकोन कापा. मी चौकोनच करते. उरलेले तुकडे पुन्हा जमवून थापावे लागत नाहीत, आणि दुसऱ्यांदा थापलेला स्कोन पहिल्यासारखा होत नाही. कापताना कडेला चॉकलेटचा तुकडा आला तर तो बोटानं आत ढकला. बाहेर राहिला तर पत्र्याला चिकटून करपतो आणि त्याचा कडवट वास सगळ्यांना लागतो.

पत्र्यावर बेकिंगचा कागद घालून तुकडे एकमेकांपासून बोटभर अंतरावर ठेवा. जवळ असले की ते बाजूला पसरण्याऐवजी वर जातात. ट्रे पंधरा मिनिटं फ्रीजमध्ये ठेवा, तोवर ओटीजी 220 अंशांवर, वरची आणि खालची दोन्ही कॉइल लावून, तापू द्या. लहान ओटीजीला निदान पंधरा मिनिटं लागतातच. दिवा विझला म्हणजे तापला, यावर माझा विश्वास नाही, दहा मिनिटं जास्त गेली तरी चालतील. स्कोनला पहिल्या चार-पाच मिनिटांतला तडाखा हवा असतो. आच कमी असेल तर लोणी वितळून बाहेर ओघळतं आणि मग उशिरा वाफ होते, तोवर उचलायला काही उरलेलं नसतं. भट्टीत घालण्याआधी फक्त वरच्या अंगाला दुधाचं बोट फिरवा. दूध बाजूनं ओघळू देऊ नका, तेही कडा चिकटवतं.

बारा ते चौदा मिनिटं. सातव्या-आठव्या मिनिटाला काचेतून पाहिलं तर तुकड्यांच्या कमरेला आडवी चीर पडलेली दिसते. ती दिसली की समजावं, लोण्यानं आपलं काम केलं. त्याच चिरेवर पुढे स्कोन हातानं उघडतो, सुरी लागत नाही. वरचा रंग भाजलेल्या खव्यासारखा झाला आणि तळाला बोटानं टिचकी मारल्यावर पोकळ आवाज आला की बाहेर काढा. जाळीवर ठेवून दहा मिनिटं थांबा. गरम चॉकलेट जीभ भाजतं, आणि आतली वाफ निवायच्या आत उघडला तर स्कोन गचका लागतो.

भट्टी नसेल त्यांनी मूळ स्कॉटिश वाट धरावी. हेच पीठ सेंटिमीटरभर जाड थापायचं, चार पाती कापायची आणि बिडाच्या तव्यावर मंद आचेवर, झाकण न ठेवता, दोन्ही बाजूंनी पाच-सहा मिनिटं भाजायचं. यात चॉकलेट मात्र घालू नये, तव्यावर ते जळतंच. नुसता संत्र्याचा स्कोन करून भाजल्यावर उघडायचा आणि आत चॉकलेटची चकती ठेवून मिटायचा. दोन मिनिटांत ती आतल्या आत वितळते.

इंग्लंडच्या नैर्ऋत्येला स्कोन कसा खावा यावर डेव्हन आणि कॉर्नवॉल या शेजारी परगण्यांत जुना वाद आहे. डेव्हनवाले आधी साय आणि वर जॅम लावतात, कॉर्नवॉलवाले आधी जॅम आणि वर साय. ती साय म्हणजे 'क्लॉटेड क्रीम', सायीचं दूध पसरट भांड्यात मंद तापवून, निववून वर येणारा जाड थर. आपल्या म्हशीच्या दुधावरची दाट साय त्याच्या बरीच जवळ जाते. साध्या स्कोनला हे सगळं शोभतं. संत्रं-चॉकलेटच्या स्कोनवर जॅम लावू नये असं माझं स्पष्ट मत आहे. सालीचा तो नाजूक वास जॅमच्या गोडीखाली बुडतो. थोडी साय किंवा थोडं लोणी पुरे, आणि बरोबर साखर कमी असलेला चहा.

स्कोन भाजल्यादिवशीच खाण्याचा पदार्थ आहे, दुसऱ्या दिवशी तो कोरडा पडतो. आठ एकदम संपणार नसतील तर कच्चे तुकडे डब्यात घालून फ्रीझरमध्ये ठेवा. हवे तेव्हा हवे तेवढे काढून, न वितळवता, थेट तापलेल्या भट्टीत घाला आणि तीन-चार मिनिटं जास्त भाजा. आंबिया बहार जानेवारीपर्यंत संपत येतो. यंदा संत्री सोलण्याआधी निदान दोन-तीन फळांची साल किसून साखरेत चोळून ठेवा.